पांढरी पाच

सतरा महिने. त्यातले दोन हेफिनच्या गालगुंडात गेले,
म्हणजे पंधराच धरा.
बँडचं नाव 'काचेची मेंढी'.
ते कुणाला सुचलं यावरून एम्लिन आणि गेथिन
अजून एकमेकांशी बोलत नाहीत,
आणि एम्लिनला जाऊन तर नऊ वर्षं झाली.

आमच्या दरीत तेव्हा दोनच गोष्टी मोठ्यानं वाजायच्या,
पत्र्याच्या कारखान्याचा भोंगा आणि रविवारचं चॅपेल.
चॅपेलचा ऑर्गन एम्लिनच्या हातात.
रविवारी सकाळी देवासाठी,
गुरुवारी रात्री, पाद्रीबाबांचा खोकला कुठवर आला
त्याचा कानोसा घेत, आमच्यासाठी.
ड्रम्सवर इद्वाल, माझा धाकटा भाऊ.
दिवसभर पत्रे मोजून आलेला.
त्याच्या ठेक्यात कायम एक पत्रा जास्तीचा पडायचा.

शर्ट मी शिवले.
मिसेस प्रोसरच्या बंद पडलेल्या खानावळीचे पडदे,
जांभळ्यावर नारिंगी भोवरे.
घाम आला की रंग सुटायचा.
स्वॉन्झीच्या कार्यक्रमानंतर आठवडाभर
चौघांच्या छात्या जांभळ्या,
हेफिनची आई डॉक्टरला बोलावून मोकळी.

लंडनहून क्रिस्पिन नावाचा माणूस आला, सापाच्या कातडीचे बूट घालून.
म्हणाला, एक बाजू इंग्रजीत करा,
दुसऱ्या बाजूला काय हवं ते घाला, ती कोण ऐकतंय.
म्हणून दुसरी बाजू वेल्शमध्ये केली.
पावणेसात मिनिटं.
एकोणसत्तरचा फेब्रुवारी, चॅपेलमागची खोली,
भिंतींना गाद्या टेकवलेल्या,
एक माइक पाण्याच्या रिकाम्या टाकीत लोंबता.

ओल इतकी, की ऑर्गनची पांढरी पाच
एकदा दाबली की वर येईना.
माझं काम एवढंच:
एम्लिनच्या डाव्या अंगाला उकिडवं बसायचं
आणि केसांतल्या आकड्यानं ती पट्टी
दर वेळी उचलून द्यायची.

तिसऱ्या मिनिटाला गेथिन गायला लागला
धरणाखाली गेलेल्या गावाबद्दल,
पाण्यात वाजणाऱ्या शाळेच्या घंटेबद्दल.
ती घंटा मला माहीत होती.
आई त्याच शाळेतली.
आकडा हातातच राहिला.

पट्टी खाली. सूर चालू.
गेथिनचं संपलं, इद्वालनं काठ्या मांडीवर ठेवल्या,
तरी तो सूर चालूच,
भात्यातली हवा संपेपर्यंत.
माझ्याकडे कुणी बघितलं नाही.
टेप तेवढीच होती, दुसरी घ्यायला पैसे नव्हते.

मासिकात छापून आलं, 'पूर्वेकडचा ध्यानस्थ सूर'.
कात्रण खिशात ठेवून एम्लिन महिनाभर
मांडी घालून जेवला.

पाचशे तबकड्या काढल्या. एकशे अठ्ठ्याऐंशी गेल्या,
त्यातल्या चाळीस आत्या-मावश्यांकडे.
मग बर्मिंगहॅम. बड्या कुणाच्या तरी आधी
आमची वीस मिनिटं.
इद्वालला रात्रपाळी बदलून मिळेना.
गाडी कारखान्याच्या फाटकाशी उभी, इंजिन चालू,
तो निसटून येईल या आशेवर,
आणि पेट्रोल संपलं.
झालं.
भांडण नाही, नशा नाही, बाई नाही.
लोकांना वाटतं, काहीतरी असणारच.

परवा फिनलंडहून एक पोरगा आला.
ती तबकडी लोकरी मोज्यात गुंडाळून, छातीशी धरून.
विचारतो, तो अखंड सूर, त्यामागची भूमिका काय?
ओल, मी म्हटलं.
तो हसला,
आणि वहीत बराच वेळ काहीतरी लिहीत राहिला.
'ओल' लिहायला एवढा वेळ लागत नाही.

चॅपेलात आता गालिच्यांचं दुकान आहे.
ऑर्गन सहा पौंडांना लाकडाच्या भावात गेला.
तबकडीवर नावं चार.
आकडा असेल याच घरात कुठेतरी,
केस कापल्यापासून मी शोधला नाही.